खेळांचें वाङ्मय : तीन परकी ग्रंथ आणि एक मराठी कोश

ग्रंथ न वाचतां त्यावर अभिप्राय देणाऱ्या टीकाकारास आमच्या वाङ्मयांत क्षमा नाहीं. एखाद्या कादंबरीचें नुसतें मुखपृष्ठ पाहून तिला अनीतिमान् ठरविणारा गृहस्थ सभेंत उभा राहिला, तर श्रोते त्याची हुर्यो उडवितील आणि तें योग्यच होईल. परंतु एक विषय असा आहे कीं, त्यावर मुखपृष्ठ पाहूनच निकाल देण्याची मुभा आपण सर्वांनीं एकमेकांस देऊन ठेविली आहे. तो विषय म्हणजे मुलांचे पडद्यावरील खेळ. संगणकावर, दूरचित्रवाणीवर आणि आतां बहुधा हातांतल्या मोबाइलवर खेळले जाणारे हे खेळ, ज्यांस मुलें सरसकट 'गेम' म्हणतात, ते आपण जातां जातां मुलाच्या खांद्यावरून पाहतों. तरवार किंवा बंदूक दिसली कीं कपाळास आठ्या घालतों, आणि निकाल देऊन मोकळे होतों. हा अपराध आम्हींही अनेक वर्षें केला आहे. म्हणून प्रस्तुत परामर्श लिहितांना आरंभींच तो पदरांत घेतों.

गोष्ट दोन वर्षांपूर्वींच्या दिवाळीची. अकोल्याहून आमचा भाचा सुटींत अमरावतीस आमच्याकडे राहावयास आला होता. वय तेरा, अंगकाठी किरकोळ, आणि हातांत अष्टौप्रहर मोबाइल. फराळाच्या ताटावरही तो खालीं ठेवीना, तेव्हां आम्हीं त्यास चांगलें अर्धा तास व्याख्यान दिलें. वेळेचा अपव्यय, डोळ्यांची हानि, हिंसेची गोडी असे सर्व मुद्दे क्रमानें मांडले. त्यानें तें शांतपणें ऐकून घेतलें आणि विचारलें, "मामा, तुम्ही पुस्तकावर लिहितां, तेव्हां तें आधीं वाचतां न?"

"अर्थात्."

"मग हा गेम एकदां खेळून त पाहा."

या प्रश्नास आमच्यापाशीं उत्तर नव्हतें. आम्ही त्याच्या शेजारीं बसलों. एका पुलावर एक राक्षस उभा होता. त्यास चुकवून पलीकडे जावयाचें होतें. आम्ही अकरा वेळां मेलों. बाराव्या खेपेस भाचा म्हणाला, "घाई करूं नका मामा. तो दोनदां वार करतो अन् मग दम खातो. तेव्हां मारा." आम्ही थांबलों, वार मोजले, आणि पूल ओलांडला. मोरोपंतांची एखादी अवघड आर्या अन्वय लावतां लावतां एकाएकीं उलगडावी, तेव्हां जो आनंद होतो, त्याच जातीचा तो आनंद होता, हें कबूल करावयास आम्हांस संकोच वाटत नाहीं. सुटी संपून मुलगा अकोल्यास परत गेला. पण या विषयावर विचारवंतांनीं काय लिहिलें आहे तें पाहावें, अशी जिज्ञासा आमच्या मनांत ठेवून गेला. त्या जिज्ञासेपोटीं जे ग्रंथ वाचले, त्यांपैकीं तिहींचा येथें परामर्श घ्यावयाचा आहे. पहिला खेळणें म्हणजे काय हें सांगतो, दुसरा खेळ रचणें म्हणजे काय तें सांगतो, आणि तिसरा खेळापासून शिकणें म्हणजे काय तें सांगतो.

पहिला ग्रंथ बर्नार्ड सूट्स यांचा 'द ग्रासहॉपर' (१९७८). सूट्स हे कॅनडांत तत्त्वज्ञानाचे अध्यापक होते. इसापाची गोष्ट सर्वांस ठाऊक आहे. मुंगी उन्हाळाभर धान्य सांठविते, नाकतोडा गात बसतो, आणि हिवाळ्यांत उपाशी मरतो. शाळेंत आपण सर्वांनीं या गोष्टीचें तात्पर्य मुंगीच्या बाजूनें पाठ केलें. सूट्स यांनीं नाकतोड्यास मरणापूर्वीं बोलूं दिलें आहे. सॉक्रेटिसाप्रमाणें शिष्यांशीं संवाद करीत तो आपल्या आयुष्याचें समर्थन करतो. खेळ या शब्दाची व्याख्याच होऊं शकत नाहीं, असें विट्गेन्स्टाइनसारख्या तत्त्वज्ञानें सुचविलें होतें. सूट्स यांनीं तें आव्हान स्वीकारून व्याख्या दिली. तिचा आशय असा कीं, अनावश्यक अडथळे आपखुशीनें पत्करून त्यांवर मात करण्याचा प्रयत्न म्हणजे खेळ.

ही व्याख्या आमच्या हुतूतूस लावून पाहावी. पलीकडच्या गड्यास शिवून परत यावयाचें, एवढेंच काम. तें करतांना मध्यें श्वास घ्यावयास कोणाची हरकत असावी? परंतु श्वास घेतला कीं खेळ संपला. अडथळा काढून घेतला तर काम सोपें होतें, पण खेळ नाहींसा होतो. इतकी साधी गोष्ट इतक्या गोड संवादांतून पटवून देणारा तत्त्वज्ञानाचा ग्रंथ आम्हीं क्वचितच पाहिला आहे. दोष काढावयाचा तर एवढाच कीं, मुलींच्या भातुकलीसारख्या सोंगाच्या खेळांपाशीं आल्यावर व्याख्या ताणावी लागते. भातुकलींत अडथळा कोणता, याचें उत्तर सूट्स देतात. परंतु तें त्यांच्या इतर उत्तरांइतकें सहज वाटत नाहीं.

दुसरा ग्रंथ राफ कॉस्टर यांचा 'अ थिअरी ऑफ फन फॉर गेम डिझाइन' (२००४). कॉस्टर हे स्वतः खेळांचे रचनाकार. १९९७ सालीं निघालेल्या 'अल्टिमा ऑनलाइन' या प्रसिद्ध खेळाच्या रचनेंत त्यांचा प्रमुख हात होता. ग्रंथाची मांडणी गमतीची आहे. एका पानावर विवेचन, तर समोरच्या पानावर ग्रंथकारांनींच काढलेलें व्यंगचित्र. प्रतिपादन मात्र गंभीर आहे. मनुष्याची बुद्धि सदैव घडण शोधीत असते. ती सांपडली कीं तिला आनंद होतो. हा शिकण्याचाच आनंद आपण 'मजा' या नांवानें ओळखतों. पाटीवरचा फुली-गोळा मुलास कांहीं दिवस वेड लावतो. दोघेही नीट खेळले तर डाव बरोबरींतच सुटतो, हें ज्या दिवशीं त्यास उमगतें, त्या दिवशीं तो पाटी पुसून उठतो. त्यास जो कंटाळा आला, तो आळसाचा नव्हे. खेळाजवळ शिकविण्यासारखें होतें तें त्यानें शिकून घेतलें, याची ती पोंच आहे.

याच ग्रंथांत एक उदाहरण अंगावर कांटा आणणारें आहे. 'टेट्रिस' हा १९८४ सालीं मॉस्कोंत अलेक्सेइ पाजित्नोव्ह यांनीं रचलेला खेळ बहुतेकांस ठाऊक आहे. वरून निरनिराळ्या आकाराचे तुकडे पडतात, ते फट न ठेवतां रचावयाचे. कॉस्टर विचारतात, नियम तेच ठेवून तुकड्यांच्या जागीं माणसांचे देह आणि चौकटीच्या जागीं मृत्यूची कोठडी दाखविली तर? नियमाचा हिशेब बदलत नाहीं, परंतु कोणाही सहृदय माणसास तो खेळ खेळवणार नाहीं. कॉस्टर यांचा स्वतःचा भर नियमांवर असतांना, चित्रासही अर्थ असतो हें त्यांनीं इतक्या निर्भीडपणें दाखवावें, ही त्यांच्या प्रामाणिकपणाची खूण होय.

तिसरा ग्रंथ प्रो. जेम्स पॉल जी यांचा 'व्हॉट व्हिडिओ गेम्स हॅव टु टीच अस अबाउट लर्निंग अँड लिटरसी' (२००३). ग्रंथकार भाषाशास्त्र व शिक्षणशास्त्र यांचे अमेरिकन पंडित. लहान मुलाच्या खेळामुळें त्यांचें लक्ष या विषयाकडे गेलें. पुढें ते स्वतः मोठ्यांचे खेळ खेळूं लागले, आणि उतारवयांत विद्यार्थी होण्याची नामुष्की व मौज या दोन्ही त्यांनीं चाखल्या. उत्तम खेळांत शिकविण्याचीं ३६ तत्त्वें दडलेलीं आहेत, असें त्यांचें म्हणणें. चुकीची शिक्षा हलकी असते, म्हणून शिकणारा धाडस करतो. माहिती आगाऊ घोकून घेतली जात नाहीं. ती जेव्हां लागते तेव्हां मिळते. काम सदैव आपल्या ताकदीच्या किंचित् पुढें असतें. पुलावर आम्ही अकरा वेळां मेलों आणि तरीही बाराव्या खेपेस उठलों, याचें शास्त्र आम्हांस येथें सांपडलें. अकरा वेळां नापास झालेला विद्यार्थी आमच्या शाळांतून बाराव्या परीक्षेस हंसतमुखानें बसत नाहीं.

तथापि या ग्रंथावर आमचा आक्षेपही आहे. प्रो. जी हे उत्तम खेळ निवडतात आणि उत्तम खेळाडूची कल्पना करतात. कादंबरीचा महिमा सांगतांना केवळ हरिभाऊंच्या कादंबऱ्या पुढें ठेवाव्या आणि रेल्वे स्टेशनावरच्या रहस्यकथांचा उल्लेखही करूं नये, तसें हें झालें. शिवाय एक गोष्ट ग्रंथाच्या ओळींमधून दिसते, ती ग्रंथकारांनीं पुरेशा ठळकपणें मांडलेली नाहीं. त्यांच्या मुलापाशीं खेळतांना प्रो. जी स्वतः बसले होते. मुलाचें शिक्षण किती खेळानें केलें आणि किती शेजारीं बसलेल्या बापानें, याचा हिशेब कोणत्या तत्त्वांत मांडावयाचा?

तिन्ही ग्रंथ एकापाठोपाठ वाचल्यावर आमच्या मनावर जो सिद्धांत ठसला, तो असा. खेळ काय शिकवितो, हें आधीं त्याच्या नियमांत शोधावें आणि मग त्याच्या चित्रांत. चित्र निरर्थक नाहीं. कॉस्टर यांच्या उदाहरणानें तें सिद्धच केलें आहे. परंतु चित्र डोळ्यांस दिसतें आणि नियम हाताला वळण लावतो. आपण पालक केवळ डोळ्यांवर विश्वासून बसलों आहों.

वऱ्हाडांतल्या वाचकास तर हा सिद्धांत परका वाटण्याचें कारणच नाहीं. अमरावतीस १९१४ सालीं वैद्य बंधूंनीं श्रीहनुमान व्यायाम प्रसारक मंडळ स्थापिलें. त्याच मंडळाच्या पथकानें १९३६ सालीं बर्लिन येथें, ऑलिंपिक सामन्यांच्या वेळीं, हुतूतूसारखे देशी खेळ परदेशस्थांस करून दाखविले. खेळ घरच्या मैदानावरून परक्या मैदानावर न्यावयाचा म्हणजे त्याचा नियम स्पष्ट सांगावा लागतो. 'आमच्याकडे असेंच खेळतात' एवढें सांगून भागत नाहीं. आणि हुतूतूचे नियम ज्यानें कधीं लक्षपूर्वक पाहिले आहेत, त्यास आमचा सिद्धांत सिद्ध करून दाखविण्याची गरज नाहीं. या खेळाचे जुने प्रकार तीन. संजीवनी प्रकारांत बाद झालेला गडी, आपल्या पक्षानें विरुद्ध पक्षाचा गडी मारला कीं, जिवंत होऊन पुन्हा मैदानांत येतो. गामिनी प्रकारांत एकदां बाद तो बाद. डाव संपेपर्यंत बाहेर बसून पाहावयाचें. अमर प्रकारांत बाद झालेला गडी मैदान सोडीतच नाहीं. विरुद्ध पक्षास गुण मिळतो, एवढेंच.

आतां पाहा. मैदान तेंच, गडी तेच, मधली रेघ तीच, दमही तोच. लांबून पाहणाऱ्यास तिन्ही खेळ सारखेच दिसतील. परंतु संजीवनींत प्रत्येक गड्याचा जीव दुसऱ्याच्या पराक्रमावर टांगलेला असतो; तेथें सांघिक भावना उपदेशावांचून येते. गामिनींत प्राण एकच, म्हणून सावधपणा येतो, आणि क्वचित् भित्रेपणाही. अमरांत मरणाची भीतिच नाहीं, म्हणून धाडस वाढतें, आणि क्वचित् बेफिकिरीही. एका ओळीचा नियम बदलला आणि खेळाची नीति बदलली. पडद्यावरचा नायक मेला तरी पुन्हा उठतो, यावरून मुलांना मरणाचें गांभीर्य राहिलें नाहीं अशी तक्रार करणाऱ्या वडीलधाऱ्यांस आम्ही नम्रपणें स्मरण देतों कीं, हुतूतूच्या मैदानावर आपले आजोबाही दर संध्याकाळीं मरून जिवंत होत असत. आजच्या कबड्डीचे सामनेही संजीवनीच्याच नियमानें चालतात. पडद्यावरचे खेळ रचणारे लोक ज्या प्रश्नावर डोकें खाजवितात, कीं मेलेल्या खेळाडूचें पुढें काय करावें, त्याचीं तीन उत्तरें आमच्या मातींत फार पूर्वींच दिलीं गेलीं होतीं. आणि त्यांस नांवेंही किती सुंदर दिलीं होतीं!

हीं उत्तरें टिकलीं, याचें एक कारण तीं लिहून ठेविलीं गेलीं हें होय. येथें आम्हांस एका मराठी ग्रंथाचें आदरानें स्मरण केलें पाहिजे. बडोद्याचे द. चिं. मुजुमदार यांनीं संपादिलेला 'व्यायाम ज्ञानकोश' १९३६ ते १९४९ या काळांत दहा खंडांनीं पूर्ण झाला. अमरावतीचें पथक ज्या वर्षीं बर्लिनास गेलें, त्याच वर्षीं या कोशाचा आरंभ झाला, हा योगायोग मनोहर आहे. व्याकरणकारानें सूत्रें लिहावीं, तितक्या आस्थेनें येथें मैदानाचीं मापें, गड्यांची संख्या आणि बादीचे नियम लिहिले आहेत. गल्लींतल्या मुलांचा खेळ हा लिहून ठेवण्याच्या योग्यतेचा विषय आहे, ही जाणीव त्या पिढीस होती.

परंतु कोशाची दृष्टि, त्याच्या नांवांतच म्हटल्याप्रमाणें, व्यायामाची आहे. खेळानें शरीर कसें घडतें, हें तो उत्तम सांगतो. खेळानें मन कसें घडतें, हा त्याचा मुख्य प्रश्न नव्हता. तो प्रश्न त्याच दशकांत हॉलंडांत विचारला गेला. १९३८ सालीं योहान हौझिंगा यांनीं 'होमो लुडेन्स' या ग्रंथांत संस्कृति खेळाच्या रूपांतच जन्म घेते, असें प्रतिपादन केलें. हे हौझिंगा आरंभीं संस्कृतचे अभ्यासक होते. १८९७ सालीं त्यांनीं संस्कृत नाटकांतील विदूषकावर प्रबंध लिहिला होता. आमच्या विदूषकापासून सुरुवात करून परका पंडित खेळाच्या तत्त्वज्ञानापर्यंत पोंचला. आम्ही मात्र नियम नोंदून थांबलों. नियमांपासून अर्थाकडे जाणारें पुढचें पाऊल मराठींत पडलें नाहीं.

तें पाऊल पडलें असतें, तर मोक्षपटासारख्या खेळाचाही विचार निराळा झाला असता. मोक्षपट म्हणजे आजच्या सापशिडीचा पूर्वज. परंपरा त्याचें नांव संतांशीं जोडते. सद्गुणांच्या शिड्या, दुर्गुणांचे साप, आणि सर्वांत वर मोक्ष. सोंगटी कवड्यांच्या दानानें चालते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हा खेळ इंग्लंडांत गेला आणि तेथून सापशिडी होऊन परत आला. चित्र पाहिलें तर याहून नीतिपर खेळ दुसरा नाहीं. परंतु नियम काय म्हणतो? नियम म्हणतो कीं, शिडी मिळणें वा साप डसणें हें सर्वस्वीं दानावर अवलंबून आहे. खेळणाऱ्यानें यांत कांहींच करावयाचें नाहीं. चित्र सांगतें, सत्य बोललास तर चढशील. नियम सांगतो, कवडी पालथी पडली तर उतरशील. मग मुलानें शिकावें काय? यावर एक उत्तर असें देतां येईल कीं, कर्तृत्वाचा अभिमान न धरतां चढ-उतार सोसावा, हाच येथील धडा आहे, आणि तो लहान नाहीं. तें उत्तर आम्ही मान्य करतों. पण तोही धडा नियमानें दिला, चित्रानें दिला नाहीं, हें विसरूं नये.

आतां आम्ही जी गोष्ट सांगणार आहों, ती सांगणें सुखाचें नाहीं. आमच्या त्या भाच्याचे एक काका अकोल्यासच असतात; नोकरी चांगली, स्वभाव शिस्तीचा. मुलाच्या हातांतला मोबाइल ओढून घेण्यांत त्यांचा पुढाकार असे. तेच गृहस्थ रात्रीं आपल्या मोबाइलवर पैसे लावून रमी खेळत, आणि त्यांत त्यांनीं घर दुरुस्त करावयास ठेविलेली सारी शिल्लक घालविली, हें घरच्यांस फार उशिरा कळलें. शंका कोणासच आली नाहीं. येणार कशी? मुलाच्या पडद्यावर राक्षस होता, म्हणून तो खेळ घातक. काकांच्या पडद्यावर राजा, राणी नि गुलाम होते. दिवाळींत आपल्याच ओसरीवर जमणारे ओळखीचे चेहरे. चित्रानें सर्व घराला फसविलें.

नियम पाहिला असता तर फसवणूक झाली नसती. ओसरीवरच्या डावांत चिंचोके लावतात; मध्यरात्र झाली कीं कोणाला तरी जांभई येते, आणि वहिनी पत्ते गोळा करून नेतात. खेळास शेवट असतो, कारण खेळणारीं माणसें असतात. मोबाइलवरच्या डावांत समोरचा कधीं थकत नाहीं, पुढची वांटणी क्षणांत होते, आणि उठून जा म्हणणारें कोणी नसतें. पैशाच्या यंत्रांचें हें वळण नताशा डो शूल या विदुषीनें 'अडिक्शन बाय डिझाइन' (२०१२) या ग्रंथांत लास व्हेगास येथील जुगारयंत्रांच्या अभ्यासावरून उलगडलें आहे. तेथील कित्येक खेळणारे जिंकण्यासाठीं खेळतच नाहींत. खेळ थांबूं नये, एवढीच त्यांची इच्छा उरलेली असते. यंत्रही त्याच हेतूनें घडविलेलें असतें. खेळ आणि खेळाचा सांपळा यांतला भेद ज्यास कळावयाचा असेल, त्यानें हा ग्रंथ वरील तिहींच्या जोडीस अवश्य वाचावा, प्रो. जी यांनीं वगळलेली बाजू येथें आहे. आमच्या संसदेनें २०२५ च्या ऑगस्टांत कायदा करून पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांस मनाई केली, आणि ई-स्पोर्ट्स व करमणुकीचे खेळ वेगळे काढले. कायद्याच्या बऱ्यावाईटाची चर्चा येथें कर्तव्य नाहीं. पण त्यानें भेद चित्रावरून केला नाहीं, नियमावरून केला, हें टीकाकाराच्या दृष्टीनें लक्षांत घेण्याजोगें आहे.

आणि केवळ पैशाच्या खेळांतच हा सांपळा असतो असें नाहीं. त्याच दिवाळींत एका रात्रीं अकरा वाजतां भाचा झोपेंतून दचकून उठला आणि मोबाइल शोधूं लागला. पुलावरचा तो खेळ नव्हता; हा दुसराच. त्यांत राक्षस नाहीं, रक्त नाहीं, नुसती रंगीबेरंगी फळें आहेत. आईनें तो निरुपद्रवी म्हणून मंजूर केलेला. रोज येऊन पेटी उघडली तर नाणीं मिळतात; एक दिवस चुकला तर आजवरची माळ तुटते. आम्हीं विचारलें, "आवडतो का रे हा खेळ?" तो म्हणाला, "नाहीं. पण एकशेंचाळीस दिवस झाले न मामा. आतां कसा सोडूं?"

दुसऱ्या दिवशीं आम्हीं त्यास एक काम सांगितलें. दोन्ही खेळांचे नियम कागदावर लिहून काढ. चित्रांचें वर्णन नको, केवळ नियम. पुलावरच्या खेळाचे नियम लिहितांना त्यास अडीच पानें लागलीं, आणि अजून पुष्कळ राहिलें आहे अशी त्याची तक्रार होती. फळांच्या खेळाचे नियम चार ओळींत संपले. रोज ये. पेटी उघड. न आलास तर गेलें. उद्यां पुन्हा ये. तो त्या चार ओळींकडे बराच वेळ पाहत बसला. तो खेळ त्यानें त्या क्षणीं टाकून दिला, असें सांगून आम्ही वाचकांची फसवणूक करणार नाहीं. त्यानें त्या रात्रींही पेटी उघडली. पुढें परीक्षेच्या सुमारास केव्हांतरी ती माळ तुटली आणि त्यानें पुन्हा धरली नाहीं, एवढें बहिणीकडून कळलें. असा एखादा कागद त्याच्या काकांच्या हातीं वेळेवर कोणीं दिला असता तर, हा विचार मात्र आमच्या मनांतून जात नाहीं.

आतां आपल्याकडच्या रचनाकारांविषयीं थोडें. महाराष्ट्रांतही आतां असे खेळ रचले जातात. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या मंडळीनें रचलेला 'राजी' हा खेळ २०२० सालीं प्रसिद्ध झाला. असुरांनीं पळविलेल्या भावाच्या शोधांत निघालेली एक मुलगी हिची ही कथा. देवालयें, तटबंदी, भित्तिचित्रें यांचें जें दर्शन तींत घडतें, तें डोळ्यांचें पारणें फेडणारें आहे, आणि परक्या राजपुत्रांच्या वेषांतून आमच्या मुलांची सुटका झाली याचा आनंद वाटतो. परंतु नियम पाहूं गेल्यास उड्या, चढणें, वार आणि बचाव यांची घडण परदेशी साहसखेळांचीच आहे. चित्र आमचें, नियम परक्यांचा. मराठी कादंबरीनें आरंभीं परकी चौकट घेऊन आंत देशी माणसें बसविलीं, आणि मग हळूहळू चौकटही आपली केली. तसेंच येथेंही होईल अशी आशा आहे. ज्या भाषेनें एका श्वासाला खेळाचें घड्याळ केलें, आणि मेलेल्या गड्यासाठीं संजीवनी हा शब्द योजला, तिच्या मुलांस नियमांचें भांडवल कमी पडूं नये.

मात्र त्यासाठीं आधीं या विषयावर मराठींत लिहिलें गेलें पाहिजे. अमरावतीपासून फार दूर नसलेल्या रिद्धपुरास तेराव्या शतकांत म्हाइंभटांनीं चक्रधरस्वामींच्या आठवणी जुळविल्या, तेव्हां त्या ग्रंथास 'लीळाचरित्र' हें नांव मिळालें. लीळा म्हणजे खेळ. देवाचा खेळ आणि मुलाचा खेळ एक नव्हेत, हें आम्हांस समजतें. तरी ज्या भाषेचा आद्य गद्यग्रंथ हा शब्द मस्तकीं धारण करतो, तिनें खेळाला विचाराचा विषय मानूं नये, हें शोभत नाहीं. मुजुमदारांच्या कोशाची परंपरा पुढें न्यावी; वऱ्हाडांतल्या गांवोगांवीं आट्यापाट्यांचे व लंगडीचे जे स्थानिक नियम अजून म्हाताऱ्यांच्या तोंडीं आहेत, ते लिहून घ्यावे; आणि त्यांच्या शेजारीं पडद्यावरच्या खेळांचेही नियम मांडून, कोणता नियम मनाला काय वळण लावतो याची चिकित्सा करावी. ग्रंथपरीक्षण, नाट्यपरीक्षण, चित्रपटपरीक्षण हीं मासिकांतून येतात. खेळाचें परीक्षणही त्यांच्या पंक्तीस बसण्यास हरकत नसावी.

असा ग्रंथ निघेपर्यंत आमच्या वाचकांनीं काय करावें? सूट्स, कॉस्टर आणि प्रो. जी यांचे ग्रंथ सवड काढून वाचावे. तिहींपैकीं एकच वाचणें शक्य असेल, तर कॉस्टर यांचा वाचावा, कारण तो लहान आहे आणि चित्रांमुळें घरांतल्या मुलांबरोबर वाचतां येतो. परंतु त्याही आधीं एक अल्प खर्चाचें काम आहे. मुलाच्या खांद्यावरून पाहण्याऐवजीं त्याच्या शेजारीं बसावें, आणि त्यास खेळाचे नियम समजावून सांगण्याची विनंति करावी. आपण अकरा वेळां मरूं. तें मरण पत्करण्याजोगें आहे.